तुम्ही अजातशत्रू नव्हतात, भाऊ

भाऊ, परवा कर्जतच्या शोकसभेत तुम्हाला अजातशत्रू म्हणाले. एकाने नाही, चौघांनी. तालुक्याचे, जिल्ह्याचे, मुंबईहून खास आलेले, एकामागून एक उठत होते आणि तोच शब्द वापरत होते. शेजारी तुमचा फोटो होता. तो कुठून आणला कोण जाणे, त्यात तुम्ही हसताय. आमदार असताना फोटोसाठी तुम्ही कधी हसल्याचं मला तरी आठवत नाही.

बोलणाऱ्यांच्या यादीत माझं नाव नव्हतं. तरी मी उठले आणि माईकपाशी गेले. म्हटलं, "भाऊंना शत्रू होते. त्यांतले निम्मे आज इथे व्यासपीठावर बसलेत. एका निवडणुकीत मीही त्यांच्यातच होते. माणूस काही करायला गेला की त्याला शत्रू होणारच. भाऊंनी ते कष्टाने मिळवलेत, ते त्यांच्याकडून काढून घेऊ नका."

सूत्रसंचालन करणारा लगबगीने पुढे आला आणि वेळ कमी आहे म्हणू लागला. पहिल्या रांगेत वहिनी बसल्या होत्या. त्या जागेवरूनच म्हणाल्या, "बोलू दे तिला. आमच्या घरात पण ती अशीच बोलते."

पण पुढचं सांगण्यासारखी ती सभा नव्हती. ते तुमच्याशीच बोलायचं आहे, म्हणून लिहायला बसले.

आपली ओळखच भांडणातून झाली. पाताळगंगेच्या काठच्या आमच्या गावात तुम्ही जीपमधून आलात. सोबत सरकारी साहेब होते. मारुतीच्या देवळापुढे सगळं गाव जमलं होतं. नदीच्या कडेची भाताची जमीन कारखान्याला हवी होती आणि ती द्या असं सांगायला तुम्ही आला होता. तुम्ही म्हणालात, "एका बापाची चार पोरं, चारांची सोळा. वाटण्या करून करून बांधच उरतील, शेत उरणार नाय. कारखाना आला तर घरटी एकाला काम मिळंल."

माझे वडील, आबा, मान खाली घालून बसले होते. त्यांच्या डोळ्यांसमोर त्या वेळी काय होतं ते मला ठाऊक होतं, कारण माझ्याही डोळ्यांसमोर तेच होतं, नदीकडेचं आमचं भाताचं शेत. मी तेव्हा एकवीस वर्षांची, सातवीची फायनल पास, शिवणयंत्रावर गावातल्या बायकांची पोलकी शिवणारी. मी बायकांतून उठून म्हणाले, "काम देणार तर लिहून द्या."

तुम्ही म्हणालात, "आमदाराचा शब्द पुरा नाय का?"

"शब्द ऐकू येतो भाऊ, कोणाला दाखवता येत नाय."

लोक हसले. तुम्हाला राग आला होता, कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या. तरी तुम्ही माझ्या मापांच्या वहीतला एक कागद फाडून घेतलात आणि लिहून दिलंत. ज्याची जमीन जाईल त्या प्रत्येक घरातल्या एकाला कारखान्यात काम मिळेल. खाली सही.

दोन वर्षांनी माझा भाऊ दामू तो कागद घेऊन कारखान्याच्या फाटकावर गेला. तिथल्या साहेबाने वाचला आणि परत दिला. म्हणाला, असली चिठ्ठी आम्हाला लागू होत नाही. दामू घरी येऊन ओट्यावर बसला तो संध्याकाळपर्यंत उठला नाही. आबांची जमीन तोवर कुंपणाच्या आत गेली होती.

दुसऱ्या दिवशी मी तुमच्या कर्जतच्या घरी आले. शनिवार होता. शनिवारी तुम्ही ओटीवर बसून लोकांची गाऱ्हाणी ऐकता हे तेव्हा मला माहीत नव्हतं. मी रांग मोडून पुढे झाले आणि कागद तुमच्यापुढे ठेवला. तुम्ही तो बराच वेळ वाचलात. दोन ओळी वाचायला एवढा वेळ लागत नाही.

मग म्हणालात, "अक्षर माझंच हाय." आणि विचारलंत, "तुझं अक्षर कसं हाय?"

मला कळेना. तुम्ही वही पुढे सरकवलीत आणि सांगू लागलात. सन्माननीय मंत्री पुढील गोष्टींचा खुलासा करतील काय. एक, अमुक गावच्या शेतकऱ्यांना अमुक आश्वासन देण्यात आले होते हे खरे आहे काय. दोन, असल्यास त्यावर कोणती कार्यवाही केली. विधानसभेचा प्रश्न असा लिहायचा असतो हे मी त्या ओटीवर शिकले. मी रागाने एक वाक्य घातलं होतं, ते तुम्ही खोडलंत. "राग खोडायचा. ‘हे खरे आहे काय’ असंच इचारायचं. खरं हाय हे आपल्याला म्हाईत असतं. ते त्यांच्या तोंडातून काढायचं."

पहिलं उत्तर आलं ते असं. हे खरे नाही. प्रश्न उद्भवत नाही. माझ्या डोळ्यांत पाणी आलं आणि तुम्ही हसलात. म्हणालात, "उद्भवत नाय म्हणतायत म्हणजे कुठंतरी लागलंय. पुन्यांदा लिही, जरा दुसऱ्या बाजूनं."

आपण चार वेळा लिहिलं. पाचव्या वेळी उत्तर आलं, ‘अंशतः खरे आहे.’ त्या ‘अंशतः’मधून आमच्या गावची अकरा माणसं कामाला लागली. दामूला गोणी उचलायचं काम मिळालं. आभार मानायला मी आले नाही. जे कबूल केलं होतं तेच मिळालं, आभार कसले, असं मला तेव्हा वाटायचं. अजूनही वाटतं.

पण त्यानंतर मी दर शनिवारी येत राहिले. घरचे कुरकुरले, गावाने नावं ठेवली. तुम्ही सांगायचात आणि मी लिहायचे. तुमच्या मतदारसंघातल्या दोन्ही तालुक्यांतलं कुठलं गाव कशासाठी अडलंय ते मला त्या वहीमुळे कळलं. तुम्ही तापट होता, हट्टी होता, स्वतःची भाषणं स्वतःलाच फार आवडायची तुम्हाला. मी प्रश्न सुधारला की तुम्ही तो आपलाच म्हणून वाचायचात. हे शोकसभेत कोणी सांगितलं नाही, म्हणून मी सांगते.

आणि कोंडाणे गावाच्या वरच्या वाडीचंही सांगते. तिथल्या ठाकर बायकांसाठी विहीर मंजूर झाली होती, ती कागदावर पुरीही झाली होती. तुम्ही इंजिनियरला घेऊन निघालात. रस्ता संपला तिथे तो थांबला, म्हणाला, पाहणी इथपर्यंतच होते. तुम्ही त्याला विचारलंत, "मंग हांडा पण इथपर्यंतच येतो का?" आणि त्याला चढ चढायला लावलंत. तुमचे गुडघे तेव्हाच दुखत होते. वर एका बाईने तुम्हाला पाणी दिलं. किती लांबून आणलंय ते तिला विचारलंत आणि मग तो तांब्या तुम्हाला तोंडाला लावता येईना. तिने हट्टाने पाजलं. विहीर त्याच उन्हाळ्यात झाली.

म्हणून पुढे जे झालं ते मला जास्त लागलं.

कारखान्याच्या घाण पाण्याने नदीला वास यायला लागला होता. आधी मासे उलटे होऊन वर आले, मग गुरं पाण्याला तोंड लावीनात. धुणं धुणाऱ्या बायकांच्या हातापायांना खाज सुटली. आपण प्रश्न लिहिला. तो स्वीकारला गेला, तारीखही लागली. आमच्या बायका म्हणाल्या, आमाला बघायचाय आमचा प्रश्न. विधानसभेच्या गॅलरीत बसायचे पास तुमच्याच सहीने मिळाले. पाच बायका आणि मी, पहिल्या एसटीने पनवेल आणि तिथून मुंबई. सगळ्यांत म्हाताऱ्या ठमाआत्या. त्यांनी तांदळाच्या भाकऱ्या आणि सुकट बांधून घेतलं होतं, त्यात तुमच्या वाटचंही होतं.

आम्ही वर बसलो. ठमाआत्यांनी मला विचारलं, "भाऊ कुठं बसतो गं?" मी बोट करून जागा दाखवली. जागा रिकामी होती. म्हटलं, येतील. अध्यक्षांनी प्रश्नाचा क्रमांक पुकारला, तुमचं नाव घेतलं. कोणी उभं राहिलं नाही. पुन्हा घेतलं. मग म्हणाले, सन्माननीय सदस्य अनुपस्थित आहेत, पुढचा प्रश्न. एवढंच. पाच बायका दोन गाड्या बदलून आल्या होत्या आणि सगळं एका दमात संपलं.

बायकांना फाटकाशी थांबवून मी आत तुम्हाला शोधलं. तुम्ही मागच्या व्हरांड्यात उभे होता. आजारी नव्हता, अडकलेले नव्हता. मला बघून म्हणालात, "घरी जा. मागनं सांगतो."

"आता सांगा."

तुम्ही जिना उतरून निघून गेलात.

बाहेर एका झाडाखाली बसून आम्ही भाकरी खाल्ली. ठमाआत्या म्हणत होत्या, "भाऊला बरं नसंल गं. नायतर तो यायचा ऱ्हातो का?" मी म्हटलं, हो, बरंच नसेल. तुमच्यासाठी बोललेलं माझं ते एकच खोटं.

पुढच्या निवडणुकीत मी ते भरून काढलं. तुमच्या विरोधातल्या माणसावर माझा काडीचा विश्वास नव्हता. तरी त्याच्या ट्रकवर चढले आणि गावोगाव रिकाम्या खुर्चीची गोष्ट सांगितली, व्हरांड्यातली मात्र नाही. तुम्ही तरीही निवडून आलात. तुमच्या माणसांनी माझ्या दारात फटाके लावले, हसले, निघून गेले. सकाळी त्यांतलेच दोघे झाडू घेऊन आले आणि खाली मान घालून अंगण झाडायला लागले. "भाऊनं पाठवलं," म्हणाले. मी त्यांना पाणीही विचारलं नाही.

चार वर्षं आपण एकमेकांशी बोललो नाही.

मग एके दिवशी दुपारी तुम्ही आमच्या गावात एसटीतून उतरलात. जीप नाही, सोबत कोणी नाही. देवळाच्या पायरीवर बसलात आणि भेटेल त्याला म्हणालात, सगळ्यांना बोलवा, मला सांगायचंय. लोक जमले. मी सगळ्यांच्या मागे उभी होते.

तुम्ही म्हणालात, "तुमचा प्रश्न होता त्या दिवशी मी तिथंच होतो. बाहेर. आदल्या दिवशी पक्षातनं मला सांगितलं, या प्रश्नाला उभं ऱ्हाऊ नका, मंत्री करायचं चाललंय तुमचं. मी उभा ऱ्हायलो नाय. मंत्री पण झालो नाय." मग म्हणालात, "झालो असतो तर आज आलो असतो का, ते मला म्हाईत नाय. हे पण खरंच सांगतो."

ठमाआत्या पुढे बसल्या होत्या. त्या म्हणाल्या, "तुझ्या वाटची भाकर नेली होती रं भाऊ. ती आमी परत आणली."

तुम्हाला मान वर करता येईना. पाच निवडणुका लढलेला माणूस, भर सभेत विरोधकांची रेवडी उडवणारा, एका म्हातारीपुढे तसाच बसून राहिला. दोनदा तुम्ही माझ्याकडे बघितलंत. त्या दिवशी चार शब्द बोलायला हवे होते, भाऊ. खोटं बोलून मी तुमची लाज झाकली होती आणि खरं सांगून तुम्ही मला त्यातून सोडवलंत, हे बोलायला हवं होतं. मी आपली ताठ उभी राहिले आणि सभा उठल्यावर घरी गेले.

शनिवारी मात्र वही घेऊन आले. तुम्ही वर बघितलंत आणि म्हणालात, "तारीख घाल." त्या चार वर्षांबद्दल आपण पुढे कधी बोललो नाही.

दुसऱ्यांदा प्रश्न लागला तेव्हा ठमाआत्या हट्टाने आल्या. या वेळी तुम्ही जागेवर होता. मंत्र्यांनी लांबलचक उत्तर दिलं. तुम्ही उपप्रश्न विचारला, मग दुसरा, मग तिसरा. तुमच्याच पक्षाचे लोक मागून बसा, बसा म्हणत होते. अध्यक्षही बसा म्हणाले. तेव्हा तुम्ही म्हणालात, "अध्यक्ष महाराज, याच प्रश्नाला मी एकदा गैरहजर होतो. आज मला थोडं जास्त बोलू द्या."

ते थोडं जास्त बोलणं तुम्हाला भोवलं. नदीची पाहणी झाली, कारखान्याला घाण पाणी साठवायच्या टाक्या बांधाव्या लागल्या, आमच्या गावाला वरून नळाचं पाणी आलं. आणि पुढच्या निवडणुकीत पक्षाने तुमचं तिकीट कापलं. परवा व्यासपीठावर मधल्या खुर्चीत बसले होते ना, त्यांनीच कापलं. तुम्ही अपक्ष उभे राहिलात. कपबशी चिन्ह मिळालं. मी पुन्हा ट्रकवर चढले, या वेळी तुमच्या. गावोगाव तीच रिकाम्या खुर्चीची गोष्ट सांगितली, पुढच्या भागासकट. आपण हरलो. मतमोजणीहून परत येताना तुम्ही म्हणालात, "बरं झालं. आता शनिवारी जरा पाठ टेकता यील." पण लोक येतच राहिले. आमदार बदललाय हे अर्ध्या वाड्यांना तुम्ही कळूच दिलं नव्हतंत.

आणि एवढं सगळं होऊनही आपलं मूळ भांडण मिटलं नाही. जमीन द्यायला हवी होती का नको होती?

मागच्या महिन्यात मी आले तेव्हा तुम्ही खाटेवर होता. आवाज बारीक झाला होता, हट्ट होता तेवढाच होता. नदीच्या पलीकडच्या गावाला जमिनीची नोटीस आल्याचं तुम्हाला कळलं होतं. म्हणालात, "मी बरा झालो की तिथं जातो. द्या म्हणून सांगतो. पण या टायमाला आधी पक्का कागद, मग जमीन."

मी म्हटलं, "एवढं होऊन तुम्ही द्याच म्हणणार?"

"द्याच म्हणणार."

"भाऊ, तुम्ही आमचं गाव विकलंत."

वहिनी पेज घेऊन आल्या होत्या, त्या दारातच थांबल्या. तुम्ही डोळे मिटलेत आणि म्हणालात, "इकलं. पण फुकट नाय इकलं. दामूची पोरगी नर्स झाली ती कशावर झाली गं?"

उत्तर आलं नाही की मला राग येतो, हे तुम्हाला सगळ्यांपेक्षा जास्त माहीत होतं. मी पिशवी उचलली आणि निघाले. आठ दिवसांनी तुम्ही गेल्याचा निरोप आला.

मी ते शब्द मागे घेत नाही. तुम्ही गेलात म्हणून ते खोटे होत नाहीत, आणि मेलेल्या माणसाला बरं वाटावं म्हणून मी माझं म्हणणं बदललं असतं तर तुम्हीच मला घरातून हाकललं असतं. पण ते शेवटचे व्हायला नको होते. त्या दिवशी परत फिरून दारात उभी राहिले असते आणि नुसतं ‘पुढच्या शनिवारी येते’ म्हटलं असतं तरी पुरलं असतं. बसस्टँडवर मी अर्धा तास बसून होते. घर दहा मिनिटांवर होतं.

काल मी पलीकडच्या गावात गेले. त्यांनीच बोलावलं होतं. शाळेच्या पडवीत सगळे जमले होते. एका म्हाताऱ्याने पहिल्यांदा तेच विचारलं, "बाय, भाऊ असता तर काय म्हनला असता?"

सगळं गाव माझ्या तोंडाकडे बघत होतं. मी ‘देऊ नका म्हणाले असते’ असं म्हटलं असतं तर सभा तिथेच संपली असती. तुमच्या नावाला तिथे अजून एवढी किंमत आहे. तुम्ही काही उठून नाही म्हणायला येणार नव्हता.

मी म्हटलं, "भाऊ म्हणाले असते, द्या. आणि मी म्हणते, देऊ नका."

म्हातारा गोंधळला. "मंग आमी कुणाचं ऐकायचं?"

"दोघांचं. आधी त्यांचं सांगते."

आणि मी सांगितलं. घाईघाईने उरकलं नाही. नुसत्या भातावर एका घरात किती तोंडं जगतात ते सांगितलं. पगारामुळे आमच्या गावात किती मुली मॅट्रिकपर्यंत गेल्या ते नावानिशी सांगितलं. तुम्ही आवाज चढवायचात तिथे चढवला. मग माझी बाजू सांगितली. आबांचं सांगितलं, नदीचं सांगितलं, फाटकावरून परत आलेल्या माणसांचं सांगितलं. दोन तास चाललं. मागे बसलेले चार-पाच तरुण तुमच्या बाजूने भांडायला उठले, त्यांना मला माझ्या तोंडाने उत्तरं द्यावी लागली.

शेवटी हात वर करायला सांगितलं. जमीन देऊ नये असं ठरलं. तुम्ही हरलात, भाऊ. पण थोडक्यात हरलात. तुमची बाजू मी मांडली होती. दुसऱ्या कोणी मांडली असती तर एवढेही हात वर आले नसते.